पुस्तक कुणाचं, नाव कुणाचं : आन गोलोन यांचं आयुष्य



स्मृतिव्याख्यानासाठी एखाद्या विचारवंताचं किंवा समाजसुधारकाचं चरित्र निवडायची आपल्याकडे रीत आहे. मी आज एका फ्रेंच प्रणयकादंबरीकार बाईंचं चरित्र तुमच्यापुढे मांडणार आहे. त्यांचं नाव आन गोलोन. त्यांच्या नायिकेचं नाव आंजेलिक. दुसरं नाव जगाला माहीत झालं, पहिलं झालं नाही. असं का झालं, हाच माझा आजचा विषय आहे.

आधी थोडक्यात सांगतो. 1957 साली फ्रान्समध्ये एक जाडजूड ऐतिहासिक कादंबरी निघाली. पुढच्या अठ्ठावीस वर्षांत त्या मालिकेचे तेरा खंड झाले आणि डझनावारी भाषांत त्यांची भाषांतरं झाली. सगळ्या मिळून पंधरा कोटी प्रती खपल्या, असा आकडा सांगितला जातो. तो थोडा इकडेतिकडे असेलही. पण अर्धा आकडा खरा धरला, तरी विसाव्या शतकात फ्रेंच भाषेत लिहिणाऱ्या किती लेखकांना एवढा वाचक मिळाला? आणि एवढा वाचक मिळवणाऱ्या बाईंवर उतारवयात आपल्याच पुस्तकांसाठी कोर्टात जायची पाळी का आली?

सिमोन शांजो हे त्यांचं माहेरचं नाव. जन्म 17 डिसेंबर 1921, तुलों बंदरातला. वडील नौदलात अधिकारी. मुलीला चित्रं काढायचा नाद होता, आणि त्याहून मोठा नाद लिहिण्याचा. अठराव्या वर्षी तिने पहिली कादंबरी लिहिली. ती छापली गेली 1944 मध्ये, ज्योएल दांतेर्न या टोपणनावाने. हे लक्षात ठेवा, कारण नाव बदलण्याची गोष्ट इथूनच सुरू होते. मधल्या काळात युद्ध होतं आणि फ्रान्स जर्मनांच्या ताब्यात होता. अशा दिवसांत ही तरुण मुलगी सायकलवर टांग टाकून देश ओलांडत स्पेनच्या दिशेने निघाली. आपला देश डोळ्यांनी पाहायचा होता, एवढंच कारण. पुढे तिच्या नायिकेने जो अखंड प्रवास केला, प्वातूच्या दलदलीपासून पार अमेरिकेच्या किनाऱ्यापर्यंत, त्याचं बीज मला या सायकलप्रवासात दिसतं.

युद्ध संपल्यावर त्यांनी नियतकालिकांत काम केलं, निरनिराळ्या नावांनी लिहिलं. एका पुस्तकाला पारितोषिक मिळालं. त्या पैशाचं काय केलं? आफ्रिकेचं तिकीट काढलं. वार्ताहर म्हणून काँगोच्या बाजूला गेल्या, आणि तिथे त्यांना वसेवोलोद गोलुबिनोफ भेटले.

या गृहस्थांविषयी दोन शब्द बोललेच पाहिजेत, कारण त्यांच्यावाचून ही मालिका झाली नसती. जन्म 1903 चा, बुखाऱ्यातला. वडील रशियाच्या वकिलातीत. बालपण इराणमध्ये, इस्फहानला. मग रशियात क्रांती झाली, घराणं देशोधडीला लागलं आणि हा मुलगा फ्रान्समध्ये येऊन पोचला. रसायनशास्त्र आणि भूगर्भशास्त्र शिकला, आशिया-आफ्रिकेत खनिजं शोधत फिरला, अनेक भाषा बोलू लागला. फ्रेंचांनी त्याला सर्ज गोलोन म्हटलं. दोघांनी लग्न केलं, फ्रान्सला परतले आणि व्हर्सायमध्ये संसार मांडला. पण सर्जना तिथे मनाजोगतं काम मिळेना. घरात पैशांची चणचण, पदरात लहान मुलं. वन्य प्राण्यांवर दोघांनी मिळून एक पुस्तक केलं, पण त्यावर घर कसं चालणार? तेव्हा बाईंनी ठरवलं की एक मोठी ऐतिहासिक कादंबरी लिहायची, लोक रात्र जागून वाचतील अशी.

पोटासाठी लिहिलेलं पुस्तक म्हटलं की आपल्या कपाळावर आठी पडते. का पडावी? घर चालवण्यासाठी शेत नांगरणाऱ्याची नांगरट उथळ असते का? गोलोन दांपत्याने काय केलं ते पाहा. व्हर्सायच्या ग्रंथालयात जाऊन बसले. सतराव्या शतकातल्या आठवणी, पत्रव्यवहार, खटल्यांचे कागद, औषधांची आणि स्वयंपाकाची पुस्तकं, कपड्यांचे तपशील, सारं वाचून काढलं. सुमारे तीन वर्षं हा अभ्यास चालला. संदर्भ खणून काढण्याचं मोठं काम सर्ज यांचं. कथानक, पात्रं आणि एकूण एक वाक्याचं लेखन आन यांचं. कामाची ही वाटणी नीट ध्यानात घ्या, कारण पुढचा सगळा अन्याय ती पुसून टाकण्यातून झाला.

आता कादंबरीकडे वळतो. आपल्याला तो काळ जवळचा वाटावा म्हणून एक ताळा देतो. चौदावा लुई 1643 मध्ये गादीवर आला, तेव्हा शिवाजी महाराज कोवळ्या वयाचे होते. 1664 च्या जानेवारीत महाराजांनी सुरत लुटली, आणि त्याच वर्षी लुईचा मंत्री कोल्बेर याने फ्रेंच ईस्ट इंडिया कंपनी स्थापन केली. चार वर्षांनी त्या कंपनीने त्याच सुरतेत वखार घातली. असा तो काळ. आंजेलिक त्या फ्रान्समधली आहे.

प्वातू प्रांतातल्या एका कंगाल सरदाराची ही मुलगी. वाड्याच्या भिंती ढासळलेल्या, अंगणात कोंबड्या, बाप घोडे आणि खेचरं पाळून घर सावरतोय. मुलीचं लग्न तुलूझच्या एका श्रीमंत काउंटशी ठरतं, जोफ्रे द पेराकशी. तो लंगडा, चेहऱ्यावर जुन्या जखमेचे व्रण, आणि गावात बोलवा अशी की तो चेटूक करतो. प्रत्यक्षात तो शास्त्रज्ञ आहे. खनिजातून सोनं काढण्याची रसायनविद्या त्याला येते. मुलगी भीतभीत जाते आणि हळूहळू त्या माणसाच्या प्रेमात पडते. तो जबरदस्ती करत नाही, वाट पाहतो. प्रणयकादंबरीत नायकाचा देखणेपणा गृहीत धरणाऱ्या काळात बाईंनी विद्रूप नायक निवडला, आणि त्याचं आकर्षण त्याच्या बुद्धीत, आवाजात, संयमात ठेवलं. हे धाडस मला फार मोठं वाटतं.

मग राजाची नजर फिरते. तरुण लुईला आपल्यापेक्षा श्रीमंत, आपल्यापेक्षा स्वतंत्र सरदार सहन होत नाही. इथे खऱ्या इतिहासाचा धागा किती घट्ट विणला आहे पाहा. 1661 च्या ऑगस्टमध्ये अर्थमंत्री फुके याने आपल्या नव्या प्रासादात राजाला डोळे दिपवणारी मेजवानी दिली, आणि सप्टेंबरात राजाने त्याला कैद केलं. फुकेचं हे प्रकरण कादंबरीत आहेच. पण जोफ्रेची शोकांतिका त्याच नियमाने घडते : राजाच्या जवळपास कुणी उंच दिसता कामा नये. जोफ्रेवर चेटुकाचा खटला भरला जातो. वाचकाला वाटेल, हे रचलेलं आहे. पण त्याच प्वातू प्रांतात, लुदँ नावाच्या गावी, 1634 मध्ये उर्बें ग्रांदिए या धर्मगुरूला चेटुकाच्या आरोपावरून जिवंत जाळलं होतं. बाईंनी भीती हवेतून आणली नाही.

नवरा चितेवर गेला असं समजून आंजेलिक दोन लहान मुलांसह पॅरिसच्या रस्त्यावर येते. भिकाऱ्यांच्या आणि चोरांच्या वस्तीत, तिथल्या टोळीत राहते. 1667 मध्ये नेमलेला पहिला पोलीसप्रमुख ला रेनी याने ती वस्ती उठवली, हाही इतिहास. आणि या गर्तेतून ती वर कशी येते? कुणी राजपुत्र येऊन तिला उचलून नेतो का? नाही. ती एका खाणावळीत कामाला लागते. भाजलेल्या कोंबड्यांचा धंदा सुधारते, हिशेब शिकते, गिऱ्हाईक ओळखते. मग चॉकलेटचा धंदा काढते.

या चॉकलेटपाशी मी जरा थांबणार आहे. 1659 मध्ये दाव्हिद शायू नावाच्या माणसाला फ्रान्समध्ये चॉकलेट बनवून विकण्याचा परवाना राजाने दिला होता. इतिहासाच्या पुस्तकात ही एका ओळीची नोंद. आन गोलोन यांनी त्या नोंदीतून अख्खं कथानक उभं केलं : परवाना हातात असूनही पेय लोकांच्या गळी उतरवता न येणारं कुटुंब, आणि त्या कडू, परदेशी पेयाला पॅरिसच्या उमरावांची फॅशन करून दाखवणारी एक विधवा. ती पैसे मिळवते, गुंतवते, घर घेते, मुलांना शिकवते. 1957 साल होतं, हे विसरू नका. 1965 पर्यंत फ्रान्समधल्या विवाहित बाईला नवऱ्याच्या संमतीवाचून स्वतःच्या नावाने बँकेत खातं उघडता येत नव्हतं. अशा देशातल्या बायका रात्री दिवा लावून एका बाईच्या व्यापाराची गोष्ट वाचत होत्या. त्यांना त्यात फक्त चुंबनंच दिसली असतील का?

पुढची कथा धावत सांगतो. व्हर्सायचा दरबार येतो, राजाचं मन तिच्यावर जातं आणि ती राजाला नकार देते. मग भूमध्य समुद्र, कँडियाचा गुलामांचा बाजार, मोरोक्कोच्या सुलतान मुलाय इस्माईलचा जनानखाना, तिथून सुटका. मायदेशी प्वातूमध्ये राजाविरुद्ध बंड, त्यात पोळलेली नायिका. मग ला रोशेल बंदरातली प्रॉटेस्टंट कुटुंबं, ज्यांच्यावर धर्म बदलण्याची सक्ती चालली आहे. त्यांना ती जहाजावर चढवते आणि अमेरिकेला नेते. 1685 मध्ये लुईने प्रॉटेस्टंटांना दिलेलं अभय काढून घेतलं आणि लाखो माणसं देश सोडून गेली. त्या पळापळीची ही पूर्वछाया. आणि त्या जहाजाचा कप्तान कोण? तर ज्याला ती मेलेला समजत होती तो जोफ्रे. सहाव्या खंडात ही ओळख पटते. वाचकाला सहा खंड थांबवून ठेवण्याची हिंमत आणि ताकद किती लेखकांजवळ असते?

निर्वासित, परागंदा, धर्मासाठी छळलेली, घर सोडून नव्या किनाऱ्यावर चूल मांडणारी माणसं या मालिकेत पुन्हापुन्हा येतात. पतीने किशोरवयात देश गमावला होता. पत्नीने ताब्यात गेलेला देश सायकलवरून पाहिला होता. सतराव्या शतकाच्या पोशाखातली ही वेदना विसाव्या शतकाची आहे, अशी माझी ठाम समजूत आहे.

दोष नाहीत का? आहेत, आणि ते मी झाकणार नाही. अपहरणं फार आहेत. नायिकेवर होणारे अत्याचार काही ठिकाणी कथेला पुढे ढकलण्यासाठी वापरल्यासारखे वाटतात. मोरोक्कोच्या खंडातला पूर्वेकडचा मुलूख हा युरोपच्या जुन्या कल्पनेतला मुलूख आहे, क्रूर आणि रेशमी. अमेरिकेतल्या खंडांत मूळ रहिवाशांविषयी सहानुभूती आहे, पण नजर बाहेरचीच आहे. शेवटचे खंड लांबले आहेत. हे सगळं मान्य. पण हे बोलायचं तर पुस्तक वाचून बोलावं. आंजेलिकच्या वाट्याला न वाचता केलेली टीका जास्त आली, आणि त्याला एक मोठं कारण सिनेमा आहे.

दिग्दर्शक बेर्नार बोर्दरी यांनी 1964 ते 1968 या काळात पाच चित्रपट काढले. मिशेल मेर्सिए नायिका, रोबेर ओसेन नायक. फ्रान्स, इटली, जर्मनी, पूर्व युरोप, सोव्हिएत रशिया, सगळीकडे लोक ते पाहायला लोटले. सोव्हिएत देशांत त्या काळात कितीतरी मुलींची नावं आंजेलिकवरून ठेवली गेली, असं सांगतात. मिशेल मेर्सिए यांचं रूप विसरण्यासारखं नाही, संगीतही सुरेख. पण पडद्यावर आलं ते रूप, रेशीम आणि शय्यागृह. व्यापार करणारी, हिशेब मांडणारी, धर्मसत्तेशी वाद घालणारी बाई पडद्यावर फिकी झाली. पाचवा चित्रपट सुलतानाच्या महालापाशी संपतो. ला रोशेल, अमेरिका, क्वेबेक, म्हणजे मालिकेचा अर्ध्याहून मोठा भाग, त्यात आलाच नाही. तरीही जगाने त्या चित्रपटांवरून पुस्तकाची पारख केली.

आता मी माझ्या मुख्य मुद्द्याकडे येतो.

पहिला खंड फ्रान्समध्ये निघण्याआधी 1956 मध्ये जर्मनीत निघाला. तिथे मुखपृष्ठावर एकच नाव होतं : आन गोलोन. फ्रान्समध्ये मात्र दोन नावं आली, आन आणि सर्ज. इतिहासाचा एवढा व्यासंग एकट्या बाईचा आहे हे वाचकाला पटणार नाही, पुरुषाचं नाव हवं, असा प्रकाशनव्यवहाराचा हिशेब. इंग्रजीत तर कमाल झाली. तिथे दोन्ही नावं जोडून सर्जेन गोलोन असा एक तिसराच, जगात नसलेला लेखक तयार करण्यात आला. विचार करा. एक बाई रात्र-रात्र जागून हजारो पानं लिहिते, आणि लंडन-न्यूयॉर्कच्या दुकानात तिच्या पुस्तकावर अस्तित्वात नसलेल्या माणसाचं नाव असतं!

सर्ज यांनी स्वतःकडे श्रेय ओढलं असं कुणी समजू नये. ते उत्तरायुष्यात चित्रकलेत रमले होते. अमेरिकेतल्या खंडांसाठी दोघं तिकडे गेली, तिथला मुलूख पाहिला. 1972 च्या जुलैत क्वेबेकमध्येच सर्ज वारले. त्यानंतर आन यांनी चार खंड लिहिले, 1976 पासून 1985 पर्यंत, एकटीने, चार मुलांची आई म्हणून घर सांभाळत. आणि त्या खंडांवरही जुनंच जोडनाव छापलं जात राहिलं.

नावानंतर हक्क. मालिकेचे व्यवहार सुरुवातीपासून ऑपेरा मुंदी या संस्थेकडे होते. पॉल विंक्लर यांनी उभी केलेली ही संस्था चित्रमालिका आणि लेख देशोदेशी विकत असे. मिकी माउसचं फ्रेंच साप्ताहिक त्यांचंच. जगभर माल पोचवण्याचं तंत्र त्यांना उत्तम येत होतं, आणि आंजेलिक जगभर पोचली ती त्या तंत्राने, हे कबूल केलं पाहिजे. पण त्या तंत्रात पुस्तक म्हणजे माल आणि लेखक म्हणजे पुरवठादार. बाईंची तक्रार होती की मजकुरात त्यांना न विचारता काटछाट झाली. पुढे हक्क आशेत या बलाढ्य प्रकाशनसमूहाकडे गेले, आणि मानधनावरून भांडण पेटलं. जिच्या पुस्तकांच्या प्रती कोटींत मोजल्या जात होत्या, ती बाई व्हर्सायमध्ये पैशांच्या ओढाताणीत दिवस काढत होती. सत्तरी ओलांडल्यावर त्या कोर्टाची पायरी चढल्या. हा झगडा दहाएक वर्षं चालला आणि 2004 च्या अखेरीस तडजोड झाली. आपल्या पुस्तकांच्या मालकीण म्हणून आन गोलोन पुन्हा उभ्या राहिल्या तेव्हा त्यांचं वय त्र्याऐंशी होतं.

इथे मला एक प्रश्न विचारायचा आहे. एखाद्या गंभीर, समीक्षकमान्य लेखकाच्या बाबतीत असं इतकी वर्षं चालू दिलं गेलं असतं का? त्याच्या मजकुराला कात्री लागली असती तर विद्यापीठांनी, वर्तमानपत्रांनी आवाज उठवला नसता का? आंजेलिकसाठी तसा आवाज उठला नाही, कारण ती 'बायकांची पुस्तकं' होती. लोकप्रिय कादंबरीला कमी लेखणं हा नुसता अभिरुचीचा मामला आहे असं आपण मानतो. तो तेवढाच नाही. जे लेखन आपण कमी लेखतो, त्याच्या लेखकाचा हक्क राखायला कुणी पुढे येत नाही. तुच्छतेची किंमत शेवटी पैशांत आणि नावात मोजावी लागते, आणि ती लेखकाला मोजावी लागते.

हक्क परत मिळाल्यावर बाईंनी काय केलं? विश्रांती घेतली असती तर कुणी नावं ठेवली नसती. त्या पुन्हा टेबलाशी बसल्या. पहिल्या खंडापासून सगळी मालिका तपासायला घेतली, कापलेलं परत घातलं, प्रसंग विस्तारले, आणि 2006 पासून सुधारित खंड एकामागून एक येऊ लागले. त्यांच्यावर नाव एकच : आन गोलोन. वयाच्या पंचाऐंशीव्या वर्षी पहिल्या पानापासून सुरुवात करणाऱ्या लेखिकेला तुम्ही काय म्हणाल? धंदेवाईक म्हणाल? फ्रेंच सरकारने 2010 मध्ये कला आणि साहित्यासाठीचा अधिकारी दर्जाचा किताब त्यांना दिला. 2013 मध्ये नवा चित्रपट आला. नायिकेची गोष्ट चौदाव्या खंडात पुरी करायची त्यांची इच्छा होती, पण तो खंड त्यांच्या हयातीत निघाला नाही. 14 जुलै 2017 रोजी, फ्रान्सच्या राष्ट्रीय दिनी, व्हर्सायमध्ये त्या गेल्या. वय पंचाण्णव.

शेवटी एक विनंती करतो. या सभागृहात ग्रंथालयांत काम करणारी मंडळी आहेत, घरी पुस्तकं जपणारी मंडळी आहेत. तुमच्या इंग्रजी कपाटात, जुन्या कादंबऱ्यांच्या चळतीत, पिवळ्या पडलेल्या पानांची एखादी आंजेलिक सापडली, आणि तिच्यावर लेखक म्हणून सर्जेन गोलोन असं छापलेलं असलं, तर नोंदवहीत लेखकाच्या रकान्यात आन गोलोन असं लिहा. आणि मग ते पुस्तक वाचा.